अर्धा राहिलेला तास

शाळेच्या वार्षिकासाठीं कांहीं तरी लिहून द्यावें, असें संपादकांचें पत्र आलें तेव्हां मला प्रथम संकोचच वाटला. ज्यानें चौतीस वर्षें हातांत खडू धरला, त्याच्या हातीं लेखणी दिली तरी ती फळ्याचीच भाषा बोलूं लागते. शिवाय माझा विषय पडला शरीरशास्त्र. कविता आणि प्रवासवर्णनें ह्यांच्या पंक्तीला रक्त, पित्त आणि चरबी ह्यांना कोण बसूं देणार? परंतु एक गोष्ट पुष्कळ वर्षें मनांत घर करून राहिली आहे. वर्गांत ती मीं अनेकदां सांगितली, पण पुरी कधींच सांगितली नाहीं. जें तेथें राहिलें तें येथें लिहितों.

साल १९७४. मी नववींत होतों. आमचे शास्त्राचे मास्तर उंच, किडकिडीत आणि बोलण्यांत फार काटकसरी होते. पुस्तकांतील आकृति फळ्यावर उतरून दिली म्हणजे धडा झाला, असें मानणाऱ्यांपैकीं ते नव्हते. "जें पाहिलें नाहीं तें तुम्ही पाठ कराल, आणि जें पाठ केलें तें परीक्षेनंतर विसराल," असें ते म्हणत. प्रयोगशाळा म्हणजे वर्गामागची एक अंधारी कोठी. तींत एक कपाट, दोन स्पिरिटचे दिवे आणि दहाबारा परीक्षानळ्या. एवढ्या सामग्रीवर त्या मार्च महिन्यांत, सकाळची शाळा सुरू झाल्यावर, त्यांनीं शरीरशास्त्राचे जे तास घेतले, त्यांतील तीन मला आज पन्नास वर्षांनंतरही जसेच्या तसे आठवतात.

पहिला तास रक्त गोठण्याचा. आदल्या दिवशीं मास्तरांनीं मला आणि माझ्या एका सोबत्याला बोलावून सांगितलें, "उद्यां उजाडतां खाटकाकडे जा. दोन भांडीं न्या. एकांत बकऱ्याचें रक्त घेऊन तें तसेंच ठेवा, हलवूं नका. दुसऱ्यांत घेतलें कीं लगेच ह्या काड्यांच्या जुडग्यानें घुसळूं लागा." काड्या खराट्याच्या होत्या, धुऊन उन्हांत वाळविलेल्या. माझा सोबती माळकरी घराण्यांतला. तो खाटकाच्या दारापर्यंत आला आणि रस्त्यावरच पाठ फिरवून उभा राहिला. घुसळण्याचें काम ओघानेंच मजकडे आलें. खाटीक हंसून म्हणाला, "पोरा, ताक करतोस काय?"

वर्गांत दोन्हीं भांडीं टेबलावर मांडलीं. पहिल्यांतलें रक्त खरवसासारखें थिजलें होतें. भांडें कलतें केलें तरी तें ढळेना. दुसऱ्यांतलें मात्र पातळच राहिलें होतें, आणि काड्यांना कांहीं चिकट तंतू गुंडाळले गेले होते. मास्तरांनीं ते पाण्याखालीं धरले, तों तांबडेपणा निघून गेला आणि पांढरे धागे त्यांच्या बोटांवर राहिले. "हें फायब्रिन," ते म्हणाले. "रक्तांत तें धाग्यांच्या रूपानें नव्हतें, विरघळलेल्या रूपांत होतें. रक्तवाहिनी फुटली म्हणजे हे धागे विणले जातात, त्या जाळ्यांत रक्तपेशी अडकतात आणि भोंक बुजतें. ह्या भांड्यांतलें जाळेंच आपण काढून घेतलें. आतां हें रक्त उद्यां गोठणार नाहीं आणि परवांही नाहीं."

मग त्यांनीं शेतांतील पाटाचा दृष्टांत दिला. पाट फुटला कीं आपण आधीं हाताला येतील तीं ढेकळें टाकतों आणि मग काडीकचरा घालून बांध पक्का करतों. शरीरांतही तसेंच चालतें. जखम होतांच प्रथम वाहिनी स्वतः आकसते. मग रक्तबिंबिका धांवून येतात. ह्या इतक्या सूक्ष्म, कीं रक्ताच्या एका घन मिलिमीटरांत त्या दीड लाखापासून साडेचार लाखांपर्यंत असतात. त्या फाटलेल्या कडेला आणि एकमेकींना चिकटून पहिला कच्चा बांध घालतात. पाठोपाठ रक्तद्रवांतील निरनिराळीं द्रव्यें एकामागून एक जागीं होतात; शेवटीं थ्रॉम्बिन तयार होतें, आणि तें फायब्रिनोजेनचें फायब्रिन करतें. ह्या कामीं कॅल्शियम लागतें. तें नसेल तर सारी रांग मध्येंच अडते. रक्तपेढींतील पिशवींत सायट्रेट घालतात तें ह्याचसाठीं; तें कॅल्शियमला बांधून ठेवतें आणि रक्त पातळ राहतें.

मागच्या बांकावरून एकानें विचारलें, "सर, मग अंगांतल्या अंगांत रक्त कां गोठत नाहीं?" मास्तरांचा चेहरा खुलला. ते म्हणाले, "रक्ताला गोठण्याची विद्या येते तशी न गोठण्याचीही येते. वाहिनीचें आंतलें अस्तर गुळगुळीत आहे, गोठण्याला आवर घालणारीं द्रव्यें रक्तांतच आहेत, झालेली गुठळी विरघळविणारेंही आहे. पण तें पुढच्या इयत्तेंत."

पुढच्या इयत्तेंत तें आलें नाहीं. मला तें महाविद्यालयांत गेल्यावर मिळालें, आणि त्याबरोबर जॉन हेगमन ह्या अमेरिकन रेल्वे कामगाराची हकीकतही मिळाली. ती १९५५ सालीं प्रसिद्ध झाली होती. हेगमनचें रक्त कांचेच्या नळींत घातलें तर फार वेळ गोठतच नसे. पण जखम झाल्यावर त्याला कधीं वाजवीपेक्षां अधिक रक्तस्राव झाला नव्हता. त्याच्या रक्तांत एक घटक नव्हता. त्यालाच आतां बारावा घटक किंवा हेगमन घटक म्हणतात. कांचेचा स्पर्श होतांच गोठण्याचा आरंभ करून देणारा हा घटक, परंतु खऱ्या जखमेचें काम त्यावांचून अडत नाहीं. आणि १९६८ सालीं हाच मनुष्य, हाड मोडल्यानंतर, रक्ताची गुठळी फुप्फुसांत जाऊन वारला! नळींत ज्याचें रक्त गोठेना, त्याला नेलें तें गुठळीनेंच. नवव्या घटकाच्या नांवाचीही एक गंमत आहे. १९५२ च्या डिसेंबरांत, ऐन नाताळांत, ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्यें 'ख्रिसमस रोगा'वर लेख आला. तें नांव सणाचें नव्हे. तो रोग ज्याच्यांत ओळखला गेला त्या स्टीफन ख्रिसमस नांवाच्या पांच वर्षांच्या मुलाचें होतें.

दुसरा तास चरबीचा. होळी नुकतीच होऊन गेली होती. मास्तरांनीं विचारलें, "पुरणपोळीवर तूप कोणीं कोणीं घेतलें?" सगळ्यांचे हात वर झाले. "तें तूप गेलें कोठें?" "पोटांत, सर." "आणि पोटांतून?" वर्ग गप्प. ह्या खेपेला खाटकाकडून बकऱ्याचें पित्त आणलें होतें. मास्तरांनीं दोन नळ्यांत पाणी आणि शेंगदाण्याचें तेल घातलें, एकींत थोडें पित्त टाकलें आणि दोन्हीं नळ्या जोरानें हलविल्या. पहिलींत तेल बघतां बघतां वर येऊन तरंगूं लागलें. दुसरींत तें बारीक बारीक थेंबांचें होऊन पाण्यांत मिसळून राहिलें, आणि नळी गढूळ दुधासारखी दिसूं लागली.

साखर आणि प्रथिनें पचलीं म्हणजे आंतड्यांतून थेट रक्तांत शिरतात व प्रथम यकृताच्या दारीं हजेरी लावतात. चरबी मात्र आडवाटेनें जाते. पित्तानें तिचे थेंब होतात, स्वादुपिंडाचा रस त्यांचे तुकडे पाडतो, ते तुकडे आंतड्याच्या मखमलीसारख्या अस्तरांत शोषले जातात. आणि आंत गेल्यावर त्यांची पुन्हां जोडणी होऊन चरबीच बनते. एवढी मोडतोड करून पुन्हां तेंच घर बांधण्याचा हा खटाटोप कशाला, असें मीं विचारलें. मास्तर म्हणाले, "पलंग दारांतून आंत न्यावयाचा तर तो सुटा करूनच न्यावा लागतो." मग त्या चरबीवर प्रथिनाचें पातळ आवरण चढतें, कारण तेल आणि पाणी ह्यांचें वैर रक्तांतही मिटत नाहीं. ह्या थेंबांना कायलोमायक्रॉन म्हणतात. ते लसीकेच्या वाहिन्यांत शिरतात, कण्यापुढून छातींत वर चढतात आणि मानेच्या मुळाशीं डाव्या बाजूच्या मोठ्या शिरेंत जाऊन पडतात. "होळीच्या दिवशीं जेवणानंतर चार तासांनीं तुमचें रक्त काढून नळींत ठेवलें असतें," मास्तर म्हणाले, "तर वरचें पाणी दुधाळ दिसलें असतें." आम्हीं सर्वांनीं नकळत आपापल्या मनगटांकडे पाहिलें.

ही आडवाट सांपडली तीही दोन हप्त्यांनीं. १६२२ सालीं इटलींतील गास्पारे आसेल्ली ह्या वैद्यानें, नुकत्याच जेवलेल्या कुत्र्याचें पोट उघडलें असतां, आंतड्याच्या पडद्यावर पांढऱ्या दोऱ्यांचें जाळें पाहिलें. प्रथम त्याला त्या मज्जातंतूच वाटल्या. पण एक कापतांच दुधासारखा रस बाहेर आला. दुसरा कुत्रा उपाशी होता, त्याच्यांत कांहींच दिसलें नाहीं. ह्या वाहिन्या यकृताकडे जातात, अशी त्याची समजूत झाली आणि ती चूक होती. त्या छातींतून वर जातात हें फ्रान्समधील झां पेके ह्यानें १६५१ सालीं दाखविलें. अर्ध्या धड्याचा उरलेला अर्धा एकूणतीस वर्षांनीं! चरबीविषयीं आणखी लिहिण्याचा मोह होतो. पण संपादकांनीं पानें मोजून दिलीं आहेत, आणि मला जें सांगावयाचें आहे तें तिसऱ्या तासाचें आहे.

त्या दिवशीं टेबलावर चुन्याची निवळी होती. एका मुलानें पपईच्या देठाच्या नळीनें तींत फुंकर घातली, तों ती पांढरी झाली. दुसऱ्या नळींत सायकलच्या पंपानें हवा सोडली, ती तशीच राहिली. आपण आंत घेतों त्या हवेंत कर्बाम्लवायु, म्हणजे ज्याला सध्यां सर्वजण कार्बन डायऑक्साइड म्हणतात तो, शंभरांत केवळ ०.०४ भाग असतो. बाहेर टाकतों त्या हवेंत सुमारे चार भाग. प्राणवायु एकवीस भागांवरून सोळांवर येतो. एवढें फळ्यावर लिहून झाल्यावर मास्तरांनीं आपलें घड्याळ काढलें आणि म्हणाले, "आतां प्रत्येकानें श्वास कोंडून धरा."

माझे बेचाळीस सेकंद झाले. कोणाचे तीस, कोणाचे पन्नास. मग मास्तर म्हणाले, "आतां बांकावर बसूनच वीस वेळां भराभर खोल श्वास घ्या आणि सोडा. नंतर पुन्हां कोंडा." ह्या खेपेला मी एक मिनिट अठरा सेकंद तग धरला. वर्गांत एकच गलका झाला. "असें कां झालें?" मास्तरांनीं विचारलें. मीं हात वर केला, "सर, प्राणवायु जास्त भरला गेला." त्यांनीं मान हलविली. "सगळ्यांना असेंच वाटतें. पण तें कारण नव्हे. खरें कारण असें कीं–"

आणि घंटा झाली.

"कारण उद्यां सांगतों," असें म्हणून मास्तरांनीं पुस्तक मिटलें. दुसऱ्या दिवशीं त्यांना शालान्त परीक्षेच्या देखरेखीसाठीं परगांवीं जावें लागलें. ते परत आले तों आमच्याच परीक्षेची उजळणी सुरू झाली होती. कारण तसेंच राहिलें, आणि खरें सांगावयाचें तर मला त्याची आठवणही राहिली नाहीं. युक्ति मात्र राहिली.

कृष्णाकांठीं आमचा मळा होता आणि मळ्यांत मोठी विहीर होती. मोट बंद होऊन ऑइल इंजिन आलें होतें. मोटेची धांव तेवढी उरली होती. वैशाखांत पाणी दोन पुरुष असे. सुट्टीला आत्या आली, तिच्याबरोबर माझा आतेभाऊ. तो माझ्यापेक्षां वर्षानें लहान, आठवींतला, पण पोहण्यांत माझा गुरु शोभेल असा. बुडी मारून तळचा दगड धरून कोण अधिक वेळ राहतो, हा आमचा रोजचा खेळ. तीन दिवस तो जिंकला. चौथ्या दिवशीं मीं बुडण्यापूर्वी काठावर बसून वीस श्वास भराभर घेतले आणि त्याला हरविलें.

जिंकून मी गप्प बसतों तर बरें होतें. पण विद्या मिळाली कीं ती मिरविल्यावांचून राहवत नाहीं. मीं त्याला सगळें समजावून सांगितलें. त्यानें वीसांच्या जागीं तीसचाळीस श्वास घेतले. त्याच्या बोटांना मुंग्या आल्या, डोकें हलकें झालें. तो जरा घाबरून म्हणाला, "दादा, बोटें बधिर झालीं रे." मी त्याला म्हणालों, "तें प्राणवायु भरल्याचें लक्षण आहे." हें मला कोणीं शिकविलें नव्हतें. तें मीं तेथल्या तेथें रचलें, आणि आमच्या मास्तरांच्या आवाजांत सांगितलें.

तो बुडाला आणि मी मोठ्यानें आंकडे मोजूं लागलों. नव्वद झाले, तेव्हां मला त्याचा हेवा वाटला. शंभर झाले, तेव्हां मीं टाळ्या वाजविल्या. त्यानंतरही मी मोजीतच होतों. पाण्यावर बुडबुडा नव्हता, खळबळ नव्हती. विहीर अगदीं शांत होती. इंजिनापाशीं बसलेला आमचा म्हातारा गडी उठून काठाशीं आला आणि म्हणाला, "आरं, त्ये प्वार वर का येईना?" आणि माझ्या उत्तराची वाट न पाहतां त्यानें धोतरासकट उडी घेतली.

केंस धरून त्यानें त्याला वर ओढलें. ओठ जांभळे पडले होते, मान लुळी झाली होती. धांवेवर निजविलें, तों त्यानें एक लांब, घोगरा श्वास ओढला आणि खोकूं लागला. तो श्वास मला अजून ऐकूं येतो. पाणी थोडेंच आंत गेलें होतें. तीन दिवस ताप आला, तालुक्याच्या डॉक्टरांनीं औषध दिलें, आणि तो बरा झाला.

दुसऱ्या रात्रीं त्याच्या अंथरुणाशीं बसून मीं हळूच विचारलें, "गुदमरल्यासारखें झालें तेव्हां वर कां आला नाहींस?" तो म्हणाला, "गुदमरलोंच नाहीं. बरें वाटत होतें. अजून थोडा वेळ राहतां येईल, असें वाटत होतें." एवढ्यांत आत्या पेज घेऊन आली आणि सहजच म्हणाली, "इतका वेळ पाण्यांत राहण्याचें वेड ह्याच्या डोक्यांत कोणीं भरविलें, कोण जाणे!" मी जमिनीकडे पाहत राहिलों. तो डोळे मिटून पडून राहिला.

जूनमध्यें शाळा उघडली, त्या दिवशीं मधल्या सुट्टींत मी मास्तरांकडे गेलों आणि सगळें सांगितलें. त्यांनीं चष्मा काढून टेबलावर ठेवला. बराच वेळ ते बोलले नाहींत. मग समोरची खुर्ची मला दाखविली. विद्यार्थ्याला खुर्ची देण्याची त्या काळीं रीत नव्हती. आणि मार्चमध्यें घंटेनें तोडलेला तास त्यांनीं तेथें बसून पुरा केला.

श्वासाची दोरी लंबमज्जेच्या हातीं आहे. झोपेंत, खेळांत, बोलतांना ती आपल्याला न विचारतां श्वास चालविते. परंतु तिचें लक्ष प्राणवायूवर नसतें, कर्बाम्लवायूवर असतें. हॉल्डेन आणि प्रीस्टली ह्या दोन शास्त्रज्ञांनीं १९०५ सालीं दाखविलें, कीं फुप्फुसाच्या वायुकोशांतील कर्बाम्लवायु शेंकडा ०.२ इतका जरी वाढला, तरी विश्रांतींतील मनुष्याचें श्वसन दुपटीवर जातें. श्वास कोंडल्यावर आपला जीव कासावीस होतो तो मुख्यतः ह्या वायूच्या सांचण्यामुळें. प्राणवायु कमी झाल्याची वार्ता देणारे पहारेकरीही आहेत. ते मानेंतील धमन्यांपाशीं आणि हृदयाजवळच्या महाधमनीपाशीं बसलेले असतात, आणि त्यांच्या शोधाबद्दल बेल्जियमच्या कॉर्नील हेमन्स ह्यांना १९३८ चें नोबेल पारितोषिक मिळालें. पण ते फार उशिरां ओरडतात.

आतां भराभर श्वास घेतल्यानें काय होतें? निरोगी माणसाचें धमनींतील रक्त प्राणवायूनें आधींच शेंकडा सत्त्याण्णवच्या आसपास भरलेलें असतें. त्यांत आणखी भर ती काय पडणार? कर्बाम्लवायु मात्र धुऊन जातो. बोटांना मुंग्या येतात त्या तो उणा झाल्यामुळें. मग बुडी मारली म्हणजे तो पुन्हां पूर्वपदावर येईपर्यंत जीव घाबरत नाहीं. पण प्राणवायु आपल्या वेगानें खर्च होतच असतो. घाबरण्याची वेळ येण्यापूर्वींच मेंदूचा दिवा मालवतो. "तो गुदमरला नाहीं, हेंच त्याचें संकट," मास्तर म्हणाले.

पोहणाऱ्यांच्या ह्या अपघातांवर अल्बर्ट क्रेग ह्या अमेरिकन डॉक्टरांनीं १९६१ सालींच लेख लिहिला होता, हें मला पुढें समजलें. आमच्या क्रमिक पुस्तकांत त्याचा पत्ता नव्हता. माझे आजोबा मात्र त्यांतलें कांहीं जाणून होते असें म्हणावें लागेल. त्यांचा जन्म हळदीच्या व्यापारांत गेला. सांगलीजवळ हरिपूरला जमिनींत खोल पेंवें खणून त्यांत हळद सांठवीत. बंद पेंवांत कर्बाम्लवायु सांचतो आणि प्राणवायु उणा होतो. पेंव उघडलें कीं आजोबा आधीं कंदील दोरीनें आंत सोडीत, आणि तो विझला तर माणसाला उतरूं देत नसत. "दिव्याचें ऐकावें, आपल्या छातीचें ऐकूं नये," असें ते म्हणत. हें वाक्य मीं लहानपणापासून ऐकलें होतें. विहिरीच्या काठावर तें आठवलें नाहीं.

मास्तर शेवटीं एवढेंच म्हणाले, "प्रयोग मीं दाखविला आणि कारण घंटेच्या स्वाधीन केलें. ह्यांत तुझा दोष थोडा, माझा अधिक." मला तें तेव्हां पटलें, कारण तें सोयीचें होतें. आतां पटत नाहीं. अर्धा धडा त्यांनीं दिला हें खरें. पण तो अर्धा आहे हें ते मला स्पष्ट सांगून गेले होते. उरलेली जागा मीं माझ्या बुद्धीनें भरली. दुसऱ्या दिवशीं ते शाळेच्या प्रत्येक वर्गांत गेले आणि पोहण्यापूर्वी असे श्वास कोणींही घेऊं नयेत, हें कारणासकट सांगून आले. त्यांनीं माझें नांव घेतलें नाहीं.

ह्या वार्षिकाच्या बालवाचकांना येथेंच सांगून ठेवतों. बुडी मारण्यापूर्वी भराभर श्वास घेऊं नका, आणि पाण्यांत एकट्यानें कधीं उतरूं नका. कोणी बुडाला असेल तर त्याला पालथा घालून पोट दाबीत बसण्याची जुनी रीत आतां सोडून दिलेली आहे. श्वास चालत नसेल तर विलंब न करतां आपल्या तोंडानें त्याच्या तोंडांत श्वास द्यावयाचा असतो, नाडी लागत नसेल तर छाती दाबावयाची असते, आणि हें कोणा जाणकाराकडून आधींच शिकून ठेवावें लागतें.

मी स्वतः शिक्षक झालों तो १९८३ सालीं. हा तास मीं नेहमीं उलटा घेतला: आधीं कारण, मग निवळी, आणि श्वास कोंडण्याचा प्रयोग मुळींच नाहीं. घंटा झाली तरी मी वर्ग सोडीत नसें. कवाइतीचे शिक्षक दारांत येऊन उभे राहत आणि माझ्याकडे रागानें पाहत. त्यांना मीं ह्याचें कारण कधीं सांगितलें नाहीं. ह्या पानांवरून त्यांना तें कळेल, अशी आशा आहे.

राहिली आत्या. १९९८ सालच्या दिवाळींत तिच्या छातींत कळ आली. सुदैवानें दोन तासांच्या आंत तिला दवाखान्यांत नेतां आलें. डॉक्टरांनीं मला कागदावर चित्र काढून दाखविलें: हृदयाच्या धमनीच्या भिंतींत पुष्कळ वर्षें चरबी सांचत गेली होती, ती गांठ फुटली, आणि रक्तबिंबिकांना ती जखमच वाटली. त्यांनीं आपलें नेहमींचें काम चोख केलें, बांध घातला, आणि वाट बंद झाली. शिरेंतून स्ट्रेप्टोकायनेझ दिलें. हें एका जातीच्या जंतूंपासून मिळवितात. तें शरीरांतील गुठळी विरघळविणाऱ्या द्रव्याला जागें करतें. बिंबिकांचा चिकटपणा कमी करण्यासाठीं ॲस्पिरिनची गोळी होतीच. रात्रीं उशिरां तिचें दुखणें ओसरलें. पुढच्या इयत्तेंत येणार होता तो धडा असा मला तिच्या खाटेजवळ बसून वाचावा लागला.

तिसऱ्या दिवशीं तिनें मला विचारलें, "मला झालें तरी काय होतें, तें नीट सांग. डॉक्टर भराभर बोलतात." मीं तिला बकऱ्याच्या रक्ताच्या दोन भांड्यांपासून सांगितलें, चरबीची आडवाट सांगितली. ती मन लावून ऐकत होती. रक्ताचें झालें, चरबीचें झालें, आणि मग मला थांबतां येईना. मी म्हणालों, "आत्या, त्याच सुमारास एक तिसरा तास झाला होता." आणि विहिरीची सारी हकीकत, मुंग्यांच्या खोट्या कारणासकट, मीं तिला सांगितली. चोवीस वर्षें झालीं होतीं.

तिनें पांघरुणांतून हात काढून माझ्या हातावर ठेवला. म्हणाली, "तें मला त्याच वर्षीं कळलें होतें रे. परत जातांना गाडींत त्यानेंच सांगितलें. तूं केव्हां सांगतोस, एवढेंच पाहत होतें."